‘डीजे’ : शिवी कीं विद्या ?

शब्दांचेंही एक प्रारब्ध असतें. ‘नाटक्या’, ‘तमासगीर’, ‘पेटीवाला’ हे शब्द आमच्या आजोबा-पणजोबांच्या काळीं सुशिक्षितांच्या ओटीवर कोणत्या सुरांत उच्चारले जात, हें ज्यांनीं घरांतल्या वडीलधाऱ्यांकडून ऐकलें असेल त्यांना निराळें सांगावयास नको. त्या नाटक्यांपैकीं एकाच्या नांवाचें रंगमंदिर पुण्यांत १९६८ सालीं उभें राहिलें, आणि त्याच्या दारांत तिकिटासाठीं रांग लावण्यांत कोणत्याही प्राध्यापकाला कधीं कमीपणा वाटला नाहीं. अशा रीतीनें रिकामी पडलेली शिवीची जागा अलीकडे ‘डीजे’ या दोन अक्षरांनीं पटकाविली आहे. उल्हासनगरपासून कुळगांवापर्यंतच्या कोणत्याही सोसायटीच्या बैठकींत हा शब्द नुसता काढून पहावा. ज्यांचें पार्किंगच्या जागेवरून गेलीं दहा वर्षें एकमत झालें नाहीं, त्यांचेंही यावर तत्काळ एकमत होतें.

मूळ इंग्रजी शब्दाचा अर्थ इतकाच कीं, तबकड्या निवडून वाजविणारा मनुष्य. आमच्याकडे येतां येतां त्याचा अर्थ त्या मनुष्याचें यंत्र असा झाला. पुढें ट्रकवर रचलेल्या कर्ण्यांची भिंत असा झाला. मग त्या भिंतींतून निघणारा गोंगाट असा झाला. आणि शेवटीं त्या गोंगाटापुढें नाचणारीं पोरें असाही झाला. मनुष्य, यंत्र, गोंगाट आणि जमाव या चार वस्तूंना एकच नांव पडलें म्हणजे विचार करण्याचे श्रम वांचतात, आणि श्रम वांचविणारी कल्पना सुशिक्षितांत फार लवकर पसरते. परवां आमच्याच भागांतील एका व्याख्यानमालेंत एका विद्वान् वक्त्यांनीं या चारही वस्तूंना एका दोरींत बांधून वेशीबाहेर काढलें. हें संगीतच नव्हे, यांत विद्या नाहीं, साधना नाहीं, बटण दाबण्यापलीकडे कांहीं नाहीं; सबब आईबापांनीं आपल्या मुलांना या धंद्याच्या वाऱ्यालाही उभें राहूं देऊं नये, असा त्यांच्या भाषणाचा मथितार्थ होता. सभागृहांत टाळ्यांचा कडकडाट झाला. त्या टाळ्या किती डेसिबल भरल्या हें मोजावयास तेथें कोणी नव्हतें. परंतु वक्त्यांच्या कोटिक्रमाचें माप घेण्यास हरकत नसावी.

प्रथम गोंगाटाचा प्रश्न निकालांत काढूं, कारण त्याच्या आडून बाकीचे सारे आक्षेप आंत शिरतात. मिरवणुकीच्या रात्रीं खिडक्यांच्या कांचा थरथरतात, तान्हीं मुलें दचकून उठतात, हृदयविकाराचे रोगी कानांत बोळे घालून बसतात, हें आम्ही कुळगांवांत राहून पाहत आलों आहों. आणि त्याचें समर्थन करण्यासाठीं आम्हीं लेखणी हातीं घेतलेली नाहीं. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणें निवासी भागांत दिवसा ५५ व रात्रीं ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. रात्रीं १० ते सकाळीं ६ पर्यंत उघड्या जागीं ध्वनिक्षेपक लावण्यास मनाई आहे. सरकारनें उत्सवासाठीं सवलत दिली तरी ती वर्षांतून १५ दिवसांहून अधिक नाहीं व मध्यरात्रीपलीकडे नाहीं. २००५ सालीं सर्वोच्च न्यायालयानें या बाबतींत कडक निकाल दिला. २०१६ सालीं ठाण्याचे डॉ. महेश बेडेकर यांच्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयानें अंमलबजावणीचे सविस्तर हुकूम केले. आणि २०१८ सालीं विसर्जनाच्या मिरवणुकींत डीजे व डॉल्बी वाजूं देण्यास त्याच न्यायालयानें नकार दिला. कायदा असा स्वच्छ आहे. आमचें म्हणणें इतकेंच कीं, या नियमांनीं आवाजाची पातळी बांधली आहे, संगीताची जात नव्हे.

मर्यादेपुढें गेलेला आवाज ताशाचा असो, भजनाचा असो कीं यंत्राचा असो, शेजारच्या आजाऱ्याच्या छातीला तो सारखाच लागतो. परंतु आमच्या सुशिक्षित वर्गाचा न्याय निराळा आहे. आपल्या घरांतलीं मुलें-मुली पांढरे झब्बे घालून, कमरेला ढोल बांधून पथकांत वाजवितात तेव्हां ती संस्कृति. पलीकडच्या आळींतलीं मुलें कर्णे लावतात तेव्हां ती विकृति. ध्वनिमापक बिचारा संस्कृति-विकृति जाणत नाहीं. पथकाच्या पुढ्यांत तो धरला तर त्याचा कांटा शंभराच्या पुढें जातो, आणि तो कोणाच्या घरची मुलें वाजवीत आहेत याची चौकशी करीत नाहीं. राहतां राहिला ‘डॉल्बी’ हा शब्द. ज्या रे डॉल्बी नांवाच्या अमेरिकन शास्त्रज्ञाचें नांव आम्हीं या कर्ण्यांच्या भिंतीला दिलें, त्याची पहिली कीर्ति ध्वनिमुद्रणांतील खरखर नाहींशी करण्याच्या युक्तीबद्दल होती. आयुष्यभर गोंगाट कमी करण्यासाठीं झटलेल्या मनुष्याचें नांव मराठींत गोंगाटाला पडावें, याहून मोठा उपहास कोणत्या प्रहसनकारालाही सुचला नसता.

आणि या गोंगाटाचा खर्च कोण करतें ? कर्ण्यांचें भाडें मंडळ भरतें. मंडळाला वर्गणी आम्ही देतों. ‘आवाज वाढव’ अशी खूण मिरवणुकीच्या तोंडाशीं असलेले कार्यकर्ते करतात. कमानीवरील फलकांत हात जोडून उभे असलेले पुढारी कोण, हें गांवाला ठाऊक असतें. पोलिसांची गाडी आली म्हणजे हे सारे पांगतात. हातीं लागतो तो बावीस-चोवीस वर्षांचा पोरगा, आणि जप्त होतें तें त्यानें हप्त्यांनीं घेतलेलें यंत्र. शिवाय या गोंगाटाचा पहिला बळी तोच असतो, हेंही कोणी सांगत नाहीं. कानाच्या आरोग्याचा जो हिशेब तज्ज्ञ मांडतात, त्याप्रमाणें ८५ डेसिबलचा आवाज मनुष्यानें दिवसाला आठ तास सोसावा. पुढें दर ३ डेसिबलला ही मुदत निम्मी होत जाते, म्हणजे १०० डेसिबलला ती पंधरा मिनिटांवर येते. हा मुलगा त्या भिंतीच्या पाठीशीं सात-सात, आठ-आठ तास उभा असतो. ज्याला पुढें सूर ओळखून पोट भरावयाचें, त्याचें मुख्य हत्यार पंचविशीच्या आंत बोथट होतें. वक्तेमहाशयांना मुलांची एवढी कळकळ असती तर त्यांनीं व्यासपीठावरून कापसाच्या बोळ्यांचा तरी उपदेश करावयाचा होता.

आतां बटणाचा आक्षेप. हा आक्षेप नवा नाहीं. तो फक्त यंत्र बदलतो. १९४० सालीं ऑल इंडिया रेडिओनें पेटीला आपल्या केंद्रांतून हद्दपार केलें, आणि ती बंदी उठूं लागण्यास १९७१ साल उजाडावें लागलें. तेव्हांचे आक्षेप आज वाचले तर मौज वाटते. पेटी परदेशी, तिच्या पट्ट्या ठोकून बसविलेल्या, तींतून मींड निघत नाहीं, श्रुति सांपडत नाहीं, बोट दाबलें कीं सूर तयार, त्यांत साधना कसली! आणि हें सर्व चालू असतां महाराष्ट्राची रंगभूमि त्याच पेटीच्या आणि ऑर्गनच्या सुरांवर पोसली होती, गोविंदराव टेंबे यांच्यासारखा रसिकाग्रणी पेटीवर बोटें ठेवून बसला कीं जाणत्यांच्या माना डोलत होत्या. पेटी वाईट होती काय ? वाईट पेटीवादक पुष्कळ होते, एवढेंच. आजही ज्या घरांत ‘यंत्राचें संगीत’ म्हणून नाक मुरडलें जातें, त्याच घरांत कन्येच्या रियाजासाठीं विजेचा तंबोरा मंद सुरांत चालू असतो आणि शेजारीं तबल्याचें यंत्र एकतालाचा ठेका निमूटपणें धरून असतें. तें यंत्र गाण्याच्या मागें बसलें तर सात्त्विक आणि पुढें आलें तर तामसी, हा भेद कोणत्या शास्त्रांत सांगितला आहे तें आम्हांस कळलें नाहीं.

परंतु बटणाच्या आक्षेपाला खरें उत्तर पेटीच्या दाखल्यानें मिळत नाहीं. तें त्या कलेच्या आंत शिरूनच दिलें पाहिजे. ‘ब्रेकबीट’ या नांवानें जो प्रकार ओळखला जातो, त्याची कुळकथा थोडक्यांत अशी. न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागांत सेजविक अव्हेन्यूवरील १५२० क्रमांकाच्या इमारतींत ११ ऑगस्ट १९७३ रोजीं एका बहिणीनें शाळेचें नवें वर्ष सुरू होण्यापूर्वीं लहानसा जलसा ठेवला, आणि तबकड्या वाजविण्याचें काम आपल्या भावाकडे दिलें. जमैकाहून आलेल्या त्या अठरा वर्षांच्या मुलाचें नांव क्लाइव्ह कॅम्बेल. पुढें तो कूल हर्क म्हणून ओळखला गेला. त्यानें एक गोष्ट हेरली होती. गाणें चालू असतां मधेंच गायक व इतर वाद्यें थांबतात आणि कांहीं क्षण एकटा ढोलवादक वाजवितो, नेमका तेव्हां नाचणारांना जोर येतो. आमच्या भजनांत अभंगाचा चरण संपवून बुवा हात वर करतात आणि पखवाजवाला लग्गीला सुटतो, तसाच हा क्षण. पण तो क्षणच. आला आणि गेला. कॅम्बेलनें एकाच गाण्याच्या दोन तबकड्या दोन यंत्रांवर ठेवल्या. एकीवरचा तो तुकडा संपतांक्षणीं दुसरीवर तोच आरंभीं आणून सोडावयाचा, तोंवर पहिली मागें फिरवून ठेवावयाची. चार-सहा सेकंदांचा क्षण त्यानें असा वाटेल तितका लांबविला. सम चुकली तर शंभर नाचणारांचे पाय अडखळतील अशा ठिकाणीं, अंधारांत, फिरत्या तबकडीवरची नेमकी रेघ बोटानें गांठावयाची, या कामाला ‘बटण दाबणें’ म्हणणाऱ्यानें तबलजीच्या कामाला ‘चामडें बडविणें’ म्हणावयास संकोचूं नये.

हें तुकडे कापून जोडण्याचें काम पुढें यंत्रांत आलें. लंडनमध्यें १९९० नंतर त्याच तुकड्यांची गति वाढवून, त्यांतील एकेक ठोका सुटा करून त्यांची नवी गुंफण होऊं लागली. त्यांतील ‘ड्रम अँड बेस’ या प्रकाराची लय मिनिटाला सुमारें १७० ठोक्यांची असते. खर्जाचा सूर मात्र तिच्या निम्म्या चालीनें चालतो. ज्यानें विलंबित ठेक्यावर दुगुन-चौगुन ऐकली आहे त्याला हें ओळखीचें वाटेल. खालीं संथ, वर धांवतें, आणि दोहोंची गांठ समेवर. ही ओळख ज्यांना सर्वांत आधीं पटली त्यांत एक मराठी मनुष्य होता, आणि त्याच्यासाठींच आम्हीं हा पूर्वरंग आळविला.

कर्ष काळे यांचा जन्म १९७४ सालीं इंग्लंडांतील वेस्ट ब्रॉमविच या गांवीं एका मराठी कुटुंबांत झाला आणि ते वाढले न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवर. घरीं तबला आणि बाहेर पाश्चात्य ढोलसंच, असा दुहेरी हात त्यांना लहानपणींच बसला. परदेशांतल्या आमच्या मंडळींत तबला म्हणजे गणेशोत्सवांत नाट्यगीतामागें वाजणारी, वडिलांच्या आठवणींसाठीं जपलेली वस्तु. काळ्यांनीं तिला त्या जपणुकींतून बाहेर काढलें. तबल्याचा नाद विजेच्या साधनांतून नेऊन त्यांनीं त्याला असा आकार दिला कीं, मोठ्या ढोलांच्या आणि खर्जाच्या गर्दींतही ‘तिं’ आणि ‘ना’ वेगळे ओळखूं यावे. उस्ताद झाकीर हुसेन आणि बिल लास्वेल यांच्या पुढाकारानें जमलेल्या ‘तबला बीट सायन्स’ या मेळाव्याची ध्वनिफीत २००० सालीं निघाली. झाकीर हुसेन, शोभा गुर्टूंचे चिरंजीव त्रिलोक गुर्टू, लंडनचे तल्विन सिंग यांच्या पंक्तीला त्यांत काळे बसले. २००१ सालीं त्यांचा स्वतःचा ‘रिअलाइज’ हा संग्रह आला, २००३ सालीं ‘लिबरेशन’, २००६ सालीं ‘ब्रोकन इंग्लिश’. २००७ सालीं अनुष्का शंकर यांच्यासह केलेला ‘ब्रीदिंग अंडर वॉटर’, आणि २०१९ सालीं ‘गली बॉय’ या चित्रपटाच्या पार्श्वसंगीतांतही त्यांचा हात होता.

त्यांचें सगळेंच आम्हांस रुचतें असें नाहीं. नंतरच्या कांहीं रचनांत सतार, आलाप आणि यंत्राचा धूर यांचें असें कांहीं मिश्रण होतें कीं, तें विमानतळावरील उपाहारगृहांत वाजवावें आणि कोणाचें लक्ष जाऊं नये. पण ‘रिअलाइज’ हें काम निराळें आहे. त्यांत तबला शोभेला ठेवलेला नाहीं. तालाच्या बांधणीचा हिशेबच तबल्याच्या अंगानें केलेला आहे. कायदा जसा पलटे घेत वाढतो, तसा तेथें यंत्राचा तुकडा वाढतो. एक ठोका काढला, दुसरा पुढें सरकविला, खाली जेथें पडावयाची तेथें मुद्दाम भरी घातली, आणि ऐकणारा सम शोधीत असतां ती त्याच्या पायांखालीं आणून ठेवली. हें बटणानें होत असेल तर तें बटण कोणत्या दुकानांत मिळतें ?

आतां आमच्या मुद्द्याचें टोंक. काळे यांची कीर्ति न्यूयॉर्कहून इकडे येते तेव्हां आम्हां सुशिक्षितांची छाती फुगते. ‘आपला मराठी माणूस’ म्हणून त्यांचें नांव कौतुकानें घेतलें जातें, आणि तिकीट काढून ऐकावयास गेलेल्या मंडळींना त्यांत थेट अध्यात्म दिसतें. तीच यंत्रें, तेंच कापणें-जोडणें, तोच खर्ज अंबरनाथच्या किंवा कुळगांवच्या चाळींतल्या खोलींत एखादा मुलगा रात्रीं कानांवर चाकत्या लावून करीत बसला, तर तो ‘वाया गेला’. एकाच कर्माला दोन फळें मिळतात तीं कर्त्याच्या पत्त्यावरून. ब्राँक्समधला तो कॅम्बेल तरी कोण होता ? महानगराच्या कडेला, भाडें परवडेल तेथें येऊन राहिलेल्या स्थलांतरितांचा मुलगा. कुळगांव-बदलापूरची वस्ती २०११ च्या शिरगणतींत पावणेदोन लाखांच्या घरांत होती. त्यांतील किती कुटुंबें गिरगांव, दादर, डोंबिवली असे टप्पे घेत, परवडेल तसे रुळाच्या कडेकडेनें येथवर सरकत आलीं हें सकाळच्या गाडीला लटकणाऱ्या कोणालाही ठाऊक आहे. म्हणजे ब्राँक्सची कथा आम्हीं वाचावी, तिच्यावर व्याख्यानें द्यावीं, आणि ती आपल्या जिन्याखालीं घडूं लागली कीं पोलिसांना दूरध्वनि करावा !

परदेशचा शिक्का लागल्यावांचून आम्हांला कांहीं दिसत नाहीं याचा दाखला हवा असेल तर तो मुंबईंतच आहे. हिंदी चित्रपटांच्या वादकवृंदांत वर्षानुवर्षें वाजविणारे चरणजित सिंग या गृहस्थांनीं रोलंड कंपनीचीं तीन नवीं जपानी यंत्रें मिळविलीं आणि १९८२ सालीं भैरव, ललित, तोडी, मालकंस असे दहा राग डिस्कोच्या ठेक्यावर बसवून एक तबकडी काढली. तीं तीन यंत्रें एकत्र जोडून काय करतां येईल हें तोंवर त्या यंत्रांच्या कर्त्यांनाही नीट उमगलें नव्हतें. शिकागोच्या तरुणांनीं त्यांतल्याच एका यंत्राच्या किरकिऱ्या खर्जावर ‘अ‍ॅसिड’ नांवाच्या प्रकाराची पहिली गाजलेली रचना काढली ती १९८७ सालीं; म्हणजे पांच वर्षें मागाहून. सिंग यांची तबकडी विकली गेली नाहीं. शास्त्रीय मंडळींनीं तिला सवंग म्हटलें असेल, नाचणारांनीं जड म्हटलें असेल. कांहीं असो, ती विसरली गेली. पुढें एडो बाउमन नांवाच्या डच संग्राहकाच्या हातीं ती लागली, २०१० सालीं त्यानें ती पुन्हा प्रसिद्ध केली, आणि मग युरोपांतील रसिकांनीं या वृद्ध वादकाला डोक्यावर घेतलें. २०१५ सालीं ते मुंबईंत वारले. अठ्ठावीस वर्षें ज्याच्याकडे कोणी ढुंकून पाहिलें नाहीं, त्याचे मृत्युलेख मात्र आमच्याकडे भक्तिभावानें छापले गेले.

ही चूक पुन्हा होत नाहीं काय ? २०२४ सालीं क्रेटेक्स या नांवानें काम करणारे निर्माते आणि गायक श्रेयस यांची ‘तांबडी चामडी’ ही मराठी रचना हॉलंडच्या ‘स्पिनिन रेकॉर्ड्स’ या नामांकित कंपनीनें प्रसिद्ध केली. ज्यांना मराठीचा एक शब्द कळत नाहीं असे लोक तिच्यावर नाचले. ती रचना थोर आहे असें आमचें म्हणणें नाहीं. शब्द मौजेचे आहेत आणि ठेका सरळ आहे. परंतु मराठी भाषेच्या अक्षरांचे आघात, विशेषतः ‘ट-ठ-ड’ आणि ‘च-झ’ यांचे, यंत्राच्या ठोक्यावर किती नेमके बसतात हें तींत प्रथमच जगाच्या कानीं पडलें. भाषेच्या भवितव्याविषयीं परिसंवाद भरविणाऱ्या आमच्या मासिकांत या प्रकारावर एक गंभीर परीक्षण आमच्या वाचनांत आलें नाहीं. कवितेचे पन्नास पानांचे संग्रह परीक्षणासाठीं टेबलावर रांग लावतात आणि त्यांना जागा मिळते. ध्वनीच्या रचनेला मिळत नाहीं, कारण ती परीक्षकाच्या मुलाच्या खोलींत असते आणि त्या खोलीचें दार परीक्षक फक्त ओरडण्यासाठीं उघडतो.

येथवर आम्हीं या मंडळींची बाजू घेतली. आतां त्यांच्या पदरांत त्यांचा दोष घालणें प्राप्त आहे, आणि तो बटणाचा नसून नांव गाळण्याचा आहे. आमच्या या पट्ट्यांत, कल्याणापासून कर्जताकडे जाणाऱ्या गांवांतून, आगरी लग्नांत ढवळारणी ढवळे गातात. हळदीपासून पाठवणीपर्यंतचा सारा विधि त्या वृद्ध बायकांच्या मुखांत असतो. त्याच गांवांत हळदीच्या रात्रीं आतां यंत्र वाजतें, आणि त्या यंत्रांत कोठें कोठें ढवळ्याची ओळ, कोळीगीताची लकेर, कुण्या म्हातारीचा चिरका पण खरा सूर कापून घातलेला असतो. आम्हांला तें वाईट वाटत नाहीं. ऐकतां ऐकतां अंगावर कांटाही येतो. पण त्या म्हातारीचें नांव कोठें आहे ? तबकडीवर नाहीं, फलकावर नाहीं, हिशेबांत तर नाहींच. ‘लोकगीत आहे, त्याला मालक कसला’ असें उत्तर मिळतें. गीत लोकांचें असेल. गळा लोकांचा नव्हता, तो एका बाईचा होता.

या बाबतींत ब्रेकबीटचा इतिहासच सर्वांत कडक साक्ष देतो. १९६९ सालीं ‘द विन्स्टन्स’ या अमेरिकन वाद्यवृंदानें ‘आमेन, ब्रदर’ नांवाची एक चीज मुद्रित केली. तींत ग्रेगरी कोलमन यानें एकट्यानें वाजविलेला जेमतेम सहा-सात सेकंदांचा तुकडा आहे. पुढें हजारों रचनांत तोच तुकडा कापून, उलटवून, वेगानें पळवून वापरला गेला. लंडनचा अख्खा एक संगीतप्रकार त्यावर उभा राहिला. कोलमन २००६ सालीं विपन्नावस्थेंत वारला. त्याला त्या सात सेकंदांबद्दल कांहीं मिळालें नाहीं. वृंदाचे नायक रिचर्ड स्पेन्सर यांच्यासाठीं रसिकांनीं वर्गणी जमविली ती २०१५ सालीं, सुमारें २४ हजार पौंडांची. आमचा निर्माता ज्यांना गुरु मानतो त्यांच्या कपाळीं हा डाग आहे, आणि तो विद्येबरोबर उचलण्याचें कारण नाहीं. शिवाय त्याची स्वतःची स्थिति त्या ढवळारणीहून फार निराळी नसते. एकरकमी पांच-दहा हजार घेऊन तो आपली रचना कंपनीला लिहून देतो, आणि तिच्यावर लाखों वेळां लोक नाचले तरी त्याच्याकडे दमडी येत नाहीं. २०१२ सालच्या दुरुस्तीनंतर आपल्या कॉपीराइट कायद्यांत ध्वनिमुद्रणांतील गीतकार-संगीतकाराचा मानधनांतील समान वाटा असा सुरक्षित केला आहे कीं, तो करारानेंही कंपनीला सोडून देतां येत नाहीं. हें किती मुलांना माहीत आहे ? आणि कोणी सांगावयाचें ? यंत्र विकणारा सांगणार नाहीं, कंपनी तर नाहींच. तें सांगणें आमचें काम होतें, म्हणजे ज्यांनीं पदव्या घेतल्या, करार वाचतां येतात, आणि जे व्याख्यानाला जाऊन टाळ्या वाजवितात त्यांचें.

राहिली आईबापांची भीति. ती खरी आहे, आणि तिची थट्टा करण्याचा आमचा हेतु नाहीं. लग्नाचा हंगाम, गणपति, नवरात्र सोडले तर या धंद्यांत महिनेच्या महिने रिकामे जातात. यंत्रांना दोन-चार लाख लागतात, तीं दोन वर्षांत जुनीं होतात. रात्रीचें जागरण, मद्यपी गिऱ्हाईकें, बुडीत पैसे. जो मुलगा म्हणतो कीं, मी एका गाण्यानें एका वर्षांत जगभर जाईन, त्याला वडिलांनीं अवश्य रागें भरावें. परंतु त्याला ‘हें सोडून दे’ म्हणण्याऐवजीं ‘हें नीट शीक’ असें म्हणणारा बाप आम्हांस अद्याप क्वचितच भेटला आहे. नीट शिकणें म्हणजे काय ? तबल्याचीं दोन वर्षें, निदान तीनताल, झपताल, रूपक हाताशीं यावे इतपत. पेटीवर दहा थाटांची ओळख. ध्वनीचें थोडें पदार्थविज्ञान, म्हणजे खोलीच्या भिंती खर्जाचें काय करतात हें समजावें. एक करार वाचून त्यांतलें पोटकलम ओळखण्यापुरतें इंग्रजी. यांतलें एकही शिक्षण या मुलाला त्याच्या महाविद्यालयांत मिळत नाहीं, आणि जें मिळतें तें तो परीक्षेच्या दुसऱ्या दिवशीं विसरतो. अंबरनाथला शिलाहारांचें जवळजवळ हजार वर्षांचें शिवालय आहे. त्या दगडांतही मृदंग धरलेले हात कोरलेले आहेत. ते पाहण्यास आम्ही विद्यार्थ्यांची सहल नेतों, आणि परतीच्या गाडींत कोणी फोनवर ठेका वाजविला कीं त्याला गप्प करतों.

कुळगांवांत वाचनालयें आहेत, व्यायामशाळा आहेत, निवडणुकीपूर्वीं उद्घाटन होणारीं सभागृहें आहेत. ज्याच्या भिंतींना आंतून जाड आच्छादन आहे, जेथें दोन बरे कर्णे, एक संगणक व एक तबल्याची जोडी आहे, आणि जेथें रात्रीं १० पर्यंत कितीही वाजविलें तरी शेजाऱ्याला ऐकूं जात नाहीं, अशी एक खोली मात्र आमच्या पाहण्यांत नाहीं. तिला येणारा खर्च एखाद्या मोठ्या मिरवणुकीच्या कर्ण्यांच्या भाड्याहून फार अधिक असेल असें वाटत नाहीं. ती खोली नगरपरिषदेनें द्यावी, नाहीं तर ज्या मंडळांकडे दरसाल शिल्लक पडते त्यांनीं द्यावी. तोंवर निदान एवढें करतां येईल. या भाद्रपदांत मंडळाचे कार्यकर्ते पावतीपुस्तक घेऊन दारीं येतील, तेव्हां पैसे देण्यापूर्वीं त्यांना तीन प्रश्न विचारावे. यंदा वाजविणार त्यांतील रचना कोणाच्या आहेत ? कर्णे किती डेसिबलवर बांधणार आणि तें मोजणार कोण ? आणि त्या पोराला त्याचे पैसे विसर्जनाच्या आधीं मिळणार कीं नंतर ?